चटईवरून पाहिलेला जपान

१ जानेवारी १९४८ रोजी जपानमध्ये सुधारित नागरी कायदा अमलात आला आणि कित्येक पिढ्या चालत आलेली घराण्याची व्यवस्था कागदोपत्री संपुष्टात आली. तोवर जपानी घराला एक कर्ता असे. घरातल्या कुणाच्याही लग्नाला त्याची संमती लागे, वारसा थोरल्या मुलाकडे जाई आणि सून ही नवऱ्याची पत्नी असण्याआधी त्या घराची सून असे. नव्या कायद्याने कर्त्याचा अधिकार काढून घेतला, मुलामुलींना वारशात समान वाटा दिला आणि विवाह हा वधूवरांच्याच संमतीचा विषय ठरवला. युद्धात हरलेल्या, अमेरिकी फौजांच्या अमलाखाली असलेल्या देशात हे सारे झपाट्याने घडले. पण कायदा बदलला म्हणून माणसांच्या सवयी आणि अपेक्षा त्याच तारखेला बदलत नाहीत. लेकीचे लग्न कुणी ठरवायचे, म्हाताऱ्या आईबापांना कुणी सांभाळायचे, लढाईत गेलेल्या मुलाच्या विधवेने सासरशी कोणते नाते ठेवायचे, हे प्रश्न घराघरांत उरलेच. त्यांची बारकाईने आणि सातत्याने नोंद ठेवली ती यासुजिरो ओझू या चित्रपट दिग्दर्शकाने. आयुष्यभर बापलेकींच्या आणि नवराबायकोंच्या गोष्टी सांगणारा हा माणूस स्वतः मात्र अविवाहित राहिला.

ओझू यांचा जन्म १२ डिसेंबर १९०३ रोजी टोकियोच्या फुकागावा भागात झाला. हा कालव्यांचा, वखारींचा आणि छोट्या व्यापाऱ्यांचा जुना इलाखा. वडील खतांच्या व्यापारात होते. पाच भावंडांत यासुजिरो दुसरा मुलगा. तो नऊ-दहा वर्षांचा असताना वडिलांनी बायकामुलांना आपल्या मूळ गावी, मिए प्रांतातल्या मात्सुसाका येथे पाठवले आणि स्वतः धंद्यासाठी टोकियोतच राहिले. पुढची दहा वर्षे मुले आईच्या छायेत वाढली. वडील म्हणजे अधूनमधून येणारे पाहुणे. ओझूंच्या चित्रपटांत घरातले एखादे माणूस नेहमी गैरहजर असते आणि त्याच्या गैरहजेरीभोवती घर चालू राहते. या अनुभवाची सुरुवात मात्सुसाकाच्या घरात झाली असावी, असे मानायला जागा आहे.

शाळेत या मुलाचे लक्ष नव्हते. वसतिगृहातून त्याला काढून टाकण्यात आले. चित्रपट पाहण्याचे व्यसन मात्र जडले आणि तेही अमेरिकी चित्रपटांचे. 'सिव्हिलायझेशन' हा युद्धविरोधी अमेरिकी मूकपट पाहिल्यावर आपण दिग्दर्शकच व्हायचे, असे त्याने ठरवून टाकले. पुढच्या शिक्षणासाठीच्या प्रवेश परीक्षांत दोनदा अपयश आले, तेव्हा डोंगराळ भागातल्या एका खेड्यात वर्षभर बदली शिक्षकाची नोकरी केली. अखेर ऑगस्ट १९२३ मध्ये, एका नातलगाच्या ओळखीने, ओझू शोचिकू कंपनीच्या कामाता स्टुडिओत कॅमेरा विभागात साहाय्यक म्हणून रुजू झाले. चित्रपटाचा धंदा तेव्हा घरंदाज समजला जात नसे, त्यामुळे वडिलांचा विरोध होताच. नोकरी लागून महिनाही होतो न होतो तोच १ सप्टेंबर १९२३ च्या महाभूकंपाने टोकियो उद्ध्वस्त केले. ज्या जुन्या टोकियोत ओझू जन्मले, ते त्यांच्या विशीच्या आतच राखेत मिळाले. बावीस वर्षांनी अमेरिकी बॉम्बफेकीत ते पुन्हा एकदा मिळणार होते.

ओझू साहाय्यकाचे दिग्दर्शक कसे झाले, याची एक गोष्ट जपानी चित्रपटसृष्टीत आवडीने सांगितली जाते. दिवसभराच्या कामाने भुकेजलेले ओझू स्टुडिओच्या उपाहारगृहात आपल्या करी-भाताची वाट पाहत होते. ताट आले ते त्यांच्या नंतर आलेल्या एका दिग्दर्शकासमोर ठेवले गेले. रांगेने वाढा, म्हणून त्यांनी हटकले. उलट उत्तर मिळताच वाढप्याच्या श्रीमुखात भडकावली. प्रकरण स्टुडिओप्रमुख शिरो किदो यांच्याकडे गेले. किदोंनी शिक्षा करण्याऐवजी या तरुणाकडून पटकथा मागवली. १९२७ मध्ये ओझूंचा पहिला चित्रपट तयार झाला. तो तलवारबाज वीरांच्या जमान्यातला होता आणि आज त्याची एकही प्रत शिल्लक नाही. त्याची पटकथा लिहिणारे कोगो नोदा पुढे ओझूंचे आयुष्यभराचे सहकारी झाले.

किदोंचे धोरण स्पष्ट होते. राजेरजवाडे आणि सामुराई इतरांनी करावेत. शोचिकूच्या चित्रपटात शहरातला साधा नोकरदार, त्याची बायको, पोरेबाळे आणि महिनाअखेरची ओढाताण दिसली पाहिजे. ओझूंना हे मानवले. १९२९ साली त्यांनी पदवीधरांच्या बेकारीवर चित्रपट केला. १९३२ च्या 'आय वॉज बॉर्न, बट...' या मूकपटात दोन लहान भावांना, आपले वडील साहेबापुढे विदूषकी चाळे करतात, हे साहेबाच्याच घरी दाखवलेल्या हौशी फिल्मवर दिसते. पोरे जेवण सोडतात. बापाला उत्तर देता येत नाही, कारण पोरांच्या पोटात जाणारा भात त्याच चाळ्यांतून येतो. या चित्रपटाला 'किनेमा जुंपो' या प्रतिष्ठित नियतकालिकाने वर्षातला सर्वोत्तम चित्रपट ठरवले आणि १९३३ व १९३४ मध्येही हा मान ओझूंच्याच चित्रपटांना मिळाला. १९३६ च्या 'द ओन्ली सन' या त्यांच्या पहिल्या बोलपटात रेशीमगिरणीत राबून मुलाला शिकवणारी विधवा आई टोकियोला येते आणि मुलगा रात्रशाळेत मास्तरकी करताना तिला आढळतो. दोघेही एकमेकांना बोल लावत नाहीत. पुढे 'टोकियो स्टोरी'त जे फळाला आले, त्याचे बीज येथे आहे.

सप्टेंबर १९३७ मध्ये ओझूंना लष्कराचे बोलावणे आले. जवळपास दोन वर्षे ते चीनमधल्या आघाडीवर होते. त्यांची नेमणूक विषारी वायूच्या वापरासाठी उभारलेल्या तुकडीत झाली होती आणि १९३९ मध्ये नानचांगच्या मोहिमेत जेथे हा वायू सोडला गेला, त्या शिउशुई नदीच्या लढाईत ती तुकडी होती. याच काळात त्यांचा जिवलग मित्र, प्रतिभावान दिग्दर्शक सादाओ यामानाका, वयाच्या अठ्ठाविसाव्या वर्षी चीनमध्येच आजाराने गेला. जुलै १९३९ मध्ये ओझू परतले. पण चीनमध्ये त्यांनी जे पाहिले आणि ज्यात ते सामील होते, त्यावर त्यांनी पुढे एकही चित्रपट केला नाही. त्यांच्या चाहत्यांनाही हे मौन सहज ओलांडून जाता येत नाही.

परतल्यावर त्यांनी लिहिलेली एक पटकथा सेन्सॉरने अडवली. आघाडीवर निघालेला नवरा बायकोबरोबर शेवटचे जेवण जेवतो ते चहा ओतलेल्या साध्या भाताचे. वीराच्या पाठवणीला शुभ मानलेला लाल भात हवा, हा अधिकाऱ्यांचा आक्षेप. ओझूंनी पटकथा बदलली नाही, बासनात बांधून ठेवली. १९५२ मध्ये युद्धाचा संदर्भ काढून त्यांनी तो चित्रपट केला.

१९४३ मध्ये लष्कराने ओझूंना सिंगापूरला पाठवले. कामगिरी होती ती हिंदुस्थानच्या स्वातंत्र्यलढ्यावर चित्रपट करण्याची. नेताजी सुभाषचंद्र बोस त्याच सुमारास सिंगापुरात दाखल झाले होते, आझाद हिंद सेनेची सूत्रे त्यांनी हाती घेतली होती आणि 'चलो दिल्ली'ची घोषणा दुमदुमत होती. नियोजित चित्रपटाचे नावही त्याच घोषणेवरून घेतलेले होते. पण १९४४ मध्ये इंफाळची मोहीम फसली आणि तो चित्रपट कधीच पूर्ण झाला नाही. तेथल्या वास्तव्यात जपानी सैन्याने जप्त केलेले अमेरिकी चित्रपट ओझूंना पाहायला मिळाले. 'सिटिझन केन' त्यांनी तेथेच पाहिला. ज्या देशाशी लढाई चालू होती, त्याच देशाचे चित्रपट पाहताना हे युद्ध आपण जिंकणार नाही याची खूणगाठ त्यांनी बांधली असल्यास नवल नाही. शरणागतीनंतर ते छावणीत अडकले. मायदेशी जाणाऱ्या जहाजावर जागा थोड्या होत्या, म्हणून चिठ्ठ्या टाकण्यात आल्या. ओझूंची चिठ्ठी निघाली, पण घरी बायकापोरे असलेल्या सहकाऱ्याला त्यांनी आपली जागा दिली, असे सांगतात. फेब्रुवारी १९४६ मध्ये ते जपानला पोहोचले तेव्हा वय बेचाळीस होते.

युद्धोत्तर पहिले दोन चित्रपट त्यांनी समोर दिसणाऱ्या भग्न शहरावरच केले. १९४७ च्या चित्रपटात चाळीवजा वस्तीतल्या एका तिरसट विधवेच्या गळ्यात एक चुकलेले पोर पडते. १९४८ च्या 'अ हेन इन द विंड'मध्ये नवरा अजून आघाडीवरून परतलेला नाही आणि आजारी मुलाच्या इस्पितळाच्या खर्चासाठी बायको एका रात्रीपुरता देहविक्रय करते. परत आलेला नवरा हे कळताच तिच्यावर हात टाकतो. ती जिन्यावरून गडगडत खाली पडते. ओझूंच्या चित्रपटांत इतकी उघड हिंसा क्वचितच आढळते. समीक्षकांना चित्रपट रुचला नाही आणि स्वतः ओझूंनीही तो फसल्याचे मान्य केले. पण लढाईहून आलेल्या पुरुषाच्या हातून घरात काय घडते, हे त्यांनी एकदा तरी दाखवले होते.

यानंतर त्यांनी नोदांना पुन्हा जवळ केले आणि दोघांनी मिळून १९४९ ते १९६२ या काळात तेरा चित्रपट लिहिले. बरीच वर्षे समुद्रकाठच्या चिगासाकी गावातल्या एका जुन्या विश्रामगृहात आणि नंतर तातेशिनाच्या डोंगरात नोदांच्या घरी त्यांची बैठक बसे. महिनोन् महिने दोघे बोलत, फिरत, स्वतः रांधत आणि तांदळाची दारू पीत. 'टोकियो स्टोरी'च्या लेखनाला १०३ दिवस लागले. एकेका पात्राच्या तोंडचे बोलणे दोघांना सारखेच ऐकू येऊ लागले की मगच ते कागदावर उतरे.

या जोडीचा पहिला युद्धोत्तर चित्रपट म्हणजे १९४९ चा 'लेट स्प्रिंग'. कामाकुरात विधुर प्राध्यापक आणि त्याची सत्तावीस वर्षांची मुलगी नोरिको राहतात. युद्धकाळातल्या सक्तीच्या श्रमांनी तिची प्रकृती ढासळली होती, ती आता कुठे सावरली आहे. तिला लग्न करायचे नाही. बापाची उस्तवार करण्यात ती सुखी आहे. जुन्या कायद्यातला बाप मुलीला हुकूम देऊ शकला असता. हा बाप तसे करत नाही. आपण स्वतःच दुसरे लग्न करणार आहोत, अशी थाप मारून तो तिला घराबाहेर पडायला भाग पाडतो. मुलगी सासरी जाते आणि बाप रिकाम्या घरात बसून एक फळ सोलू लागतो. सालीची लांब पट्टी हातातून गळते आणि त्याची मान खाली जाते. नवरामुलगा चित्रपटात एकदाही दिसत नाही, लग्नसोहळाही दिसत नाही. अमेरिकी सेन्सॉरच्या त्या दिवसांत बेचिराख शहराचा उल्लेख करण्यावरही बंधने होती. पण समुद्राकाठच्या ज्या रस्त्यावरून नोरिको सायकल चालवत जाते, तेथे कोका-कोलाची इंग्रजी पाटी उभी आहे. देश कुणाच्या ताब्यात आहे हे सांगायला तेवढी पाटी पुरते.

नोरिको साकारणाऱ्या सेत्सुको हारा आणि बापाच्या भूमिकेतले चिशू रिउ हे ओझूंच्या जगाचे दोन चेहरे ठरले. १९५१ च्या 'अर्ली समर'मध्ये हारा पुन्हा नोरिको नावाचीच तरुणी झाली. येथे तीन पिढ्यांचे नांदते घर आहे. भाऊ आणि साहेब मिळून तिच्यासाठी तालेवार स्थळ शोधत असतात, दाखवण्या-पसंतीच्या गोष्टी चाललेल्या असतात, आणि एके संध्याकाळी ही मुलगी शेजारच्या एका मुलीचा बाप असलेल्या विधुर डॉक्टराशी लग्न करायला होकार देऊन मोकळी होते, तेही त्याच्या आईजवळ. घरच्यांना धक्का बसतो. पण तिला अडवण्याचा अधिकार आता कुणाकडे नसतो. हा डॉक्टर युद्धात बेपत्ता झालेल्या तिच्या भावाचा मित्र आहे. तिच्या जाण्याने घराचा खर्च भागेनासा होतो, आईबाप खेड्यातल्या नातलगाकडे जातात आणि कुटुंब विखुरते. जाण्यापूर्वी सगळे मिळून एक छायाचित्र काढून घेतात. स्वातंत्र्याची किंमत कुणी मोजली, याचा हिशेब ओझू मांडतात, पण नोरिकोला दोषी धरत नाहीत.

हे सारे सांगण्यासाठी त्यांनी कमावलेली रीत जगात कुणासारखी नव्हती. जपानी घरात माणसे जमिनीवर, ताटामी चटईवर बसतात. ओझूंचा कॅमेरा बसलेल्या माणसाच्या नजरेपेक्षाही खाली, जमिनीलगत असे. पन्नास मिलिमीटरच्या एकाच भिंगातून ते जवळजवळ सगळे टिपत. कॅमेरा हलणे हळूहळू कमी होत गेले आणि रंगीत चित्रपटांत तर तो एकदाही हलत नाही. दोन प्रसंगांच्या मध्ये वाळत घातलेले कपडे, गिरणीचे धुराडे, रिकामा व्हरांडा, जाणारी आगगाडी अशी दृश्ये काही क्षण स्थिर राहतात. युहारू आत्सुता हे त्यांचे बहुतेक चित्रपटांचे छायालेखक. चौकटीतला पेला, किटली, बाटली कुठे असावी हे स्वतः ओझू ठरवत आणि पात्राचा हात पेल्याकडे नेमका कधी जावा यासाठी पुनःपुन्हा तालीम घेत. माणसे उठून गेल्यावरही कॅमेरा खोलीत थांबतो. मग प्रेक्षकाच्या लक्षात येते की घर होते तसेच आहे आणि त्यातले माणूस कमी झाले आहे.

एप्रिल १९५२ मध्ये अमेरिकी अंमल संपला आणि पुढल्या वर्षी 'टोकियो स्टोरी' आला. ओनोमिची या सागरतीरावरच्या गावातून वृद्ध जोडपे मुलांना भेटायला राजधानीत येते. थोरला मुलगा डॉक्टर आहे खरा, पण शहराच्या गरीब उपनगरात. मुलगी घरातच केशभूषेचे दुकान चालवते. दोघांना वेळ नाही. म्हाताऱ्यांची सोय म्हणून ती त्यांना आतामीच्या उष्णोदक स्थळी पाठवून देतात. तेथे रात्रभर तरुणांचा गोंगाट असतो आणि आईबाप झोपेविना परततात. त्यांना मनापासून जवळ करते ती युद्धात गेलेल्या दुसऱ्या मुलाची विधवा नोरिको. तीही कचेरीत नोकरी करणारी, एका खोलीत राहणारी; पाहुण्यांसाठी दारूची सुरईसुद्धा शेजारणीकडून उसनी आणणारी. गावी परतल्यावर आई मरण पावते. मुले येतात, रडतात, आठवण म्हणून आईची वस्त्रे मागतात आणि पुढल्या गाडीने जातात.

सासरा सुनेला मृत पत्नीचे घड्याळ देतो आणि मुलाला विसरून पुन्हा लग्न कर, असे सांगतो. पोटच्या पोरांपेक्षा रक्ताचे नाते नसलेल्या तिनेच अधिक केले, हेही तो मान्य करतो. नोरिको मात्र आपण वाटतो तितक्या चांगल्या नाही, नवऱ्याची आठवण दिवसेंदिवस पुसट होत चालली आहे, हे कबूल करून रडते. जुन्या व्यवस्थेत तिची जागा ठरलेली होती. आता तिला कुणी बांधून ठेवलेले नाही आणि म्हणूनच तिची माया ही तिची स्वतःची आहे. धाकटी नणंद भावंडांच्या कोरडेपणावर संतापते, तेव्हा नोरिको तिला समजावते की ज्याला त्याला आपापला संसार असतो आणि आपणही तशाच होऊ. आयुष्य असे निराशा करणारेच असते का, या प्रश्नाला ती हसून होकार देते. या चित्रपटात खलनायक नाही. केशभूषेचे दुकान चालवणारी लेकही दुष्ट नाही. तिला उद्याची गिऱ्हाइके सांभाळायची आहेत. सत्तरीच्या बापाचे काम करणारे चिशू रिउ तेव्हा एकोणपन्नास वर्षांचे होते, हे पडद्यावर पाहताना खरे वाटत नाही.

पुढच्या दशकात जपान झपाट्याने श्रीमंत होत गेला आणि ओझूंच्या घरांतल्या वस्तू बदलू लागल्या. १९५६ च्या 'अर्ली स्प्रिंग'मध्ये पहाटे उपनगरी गाड्यांतून टोकियोच्या कचेऱ्यांकडे लोटणारा पांढऱ्या सदऱ्यांचा लोंढा दिसतो. १९५७ च्या 'टोकियो ट्वायलाइट'मध्ये त्यांनी फसवली गेलेली मुलगी, गर्भपात आणि अपमृत्यू असे काळेकुट्ट विषय हाताळले, पण त्याला थंडा प्रतिसाद मिळाला. १९५८ मध्ये 'इक्विनॉक्स फ्लॉवर'द्वारे ते रंगाकडे वळले. त्यात परक्या मुलींना प्रेमविवाहाचा सल्ला देणारा उदारमतवादी बाप स्वतःच्या मुलीने परस्पर लग्न ठरवले म्हणून बिथरतो. याच चित्रपटात आईला युद्धकाळातले दिवस आठवतात, बॉम्बवर्षावात चौघे एकत्र बिलगून बसायचे ते. बापाला तो काळ नकोसा वाटतो. तेव्हाची टंचाई आणि तेव्हा मिरवणारी मूर्ख माणसे त्याला अजून सलतात. एकाच घरात एकाच युद्धाच्या अशा दोन आठवणी नांदतात.

१९५९ च्या 'गुड मॉर्निंग'मध्ये दोन पोरे टीव्हीसाठी मौनव्रत धरतात. मोठी माणसे तरी दिवसभर हवापाण्याच्या पोकळ गप्पाच मारतात, असा त्यांचा मुद्दा. युवराजाच्या विवाहाच्या निमित्ताने त्याच वर्षी जपानमध्ये टीव्ही संच धडाक्याने खपत होते. शेवटी घरात टीव्ही येतो तो एका शेजाऱ्याकडून. निवृत्तीनंतर हलाखीत सापडलेल्या या गृहस्थाला विजेच्या उपकरणांची विक्री करण्याची नोकरी लागलेली असते आणि पोरांच्या बापाला त्याला हातभार लावायचा असतो. हसतखेळत सांगितलेल्या या गोष्टीत म्हातारपणीच्या पोटापाण्याची चिंता अशी दडलेली आहे. टीव्हीने खुद्द ओझूंच्या धंद्याचेही नुकसान केले. १९५८ मध्ये जपानी चित्रगृहांत वर्षभरात ११२ कोटींहून अधिक तिकिटे खपली होती. १९६३ मध्ये हा आकडा ५१ कोटींवर आला.

तरुण दिग्दर्शकांना एव्हाना ओझू जुनाट वाटू लागले होते. अमेरिकेशी झालेल्या सुरक्षा कराराविरुद्ध १९६० मध्ये रस्ते पेटलेले असताना हे गृहस्थ अजून मुलींची लग्नेच लावत बसले होते. 'टोकियो स्टोरी'वर त्यांचे साहाय्यक असलेले शोहेइ इमामुरा त्यांच्या नीटनेटक्या जगाला कंटाळून दुसऱ्या कंपनीत गेले आणि त्यांनी समाजाच्या तळातली, अंगावर येणारी माणसे रंगवली. हा आक्षेप निराधार नव्हता. ओझूंच्या घरांत संप, मोर्चे आणि दारिद्र्याचे उग्र रूप फारसे शिरत नाही आणि चीनमधल्या मृतांना तर तेथे जागाच नाही. स्वतः ओझू मात्र आपण टोफू बनवणारे, आपल्याकडे कटलेट मागू नये, असे सांगून मोकळे होत. या विनयात थोडा हट्टही होता.

१९५२ पासून ओझू कामाकुरात आईबरोबर राहत होते. फेब्रुवारी १९६२ मध्ये, शेवटच्या चित्रपटाची पटकथा लिहून होत असतानाच आई वारली. त्या चित्रपटाच्या जपानी नावाचा अर्थ 'सान्मा माशाची चव' असा होतो. जगात तो 'ॲन ऑटम आफ्टरनून' म्हणून ओळखला जातो. सान्मा हा शरदात मिळणारा, सामान्यांच्या ताटातला मासा. चित्रपटात मात्र तो कुठेच दिसत नाही. पुन्हा एक विधुर बाप आणि लग्नाची मुलगी. एव्हाना तरुण जोडप्याला उसने पैसे काढून फ्रिज घ्यायचा आहे आणि नवऱ्याला गोल्फच्या काठ्या हव्या आहेत. बाप नौदलाचा माजी अधिकारी आहे. एका बारमध्ये त्याला जुना हाताखालचा सैनिक भेटतो आणि नौदलाच्या कवायतगीताची तबकडी लागते. आपण जिंकलो असतो तर, अशी स्वप्ने तो सैनिक रंगवू लागतो. बाप शांतपणे म्हणतो की हरलो तेच बरे झाले. युद्धाबद्दल ओझूंच्या चित्रपटांतला हा बहुधा सर्वांत स्पष्ट निकाल आहे आणि तो दोन घोटांच्या मध्ये, सहज बोलल्यासारखा येतो. मुलीचे लग्न लागते. बाप रात्री स्वयंपाकघरात एकटा बसतो.

१९६३ च्या वसंतात ओझूंच्या मानेवर गाठ आढळली. तो कर्करोग होता. १२ डिसेंबर १९६३ रोजी, साठाव्या वाढदिवसाच्याच दिवशी, टोकियोच्या इस्पितळात त्यांचे निधन झाले. सेत्सुको हारा यांनी त्याच सुमारास चित्रपटसृष्टी सोडली आणि २०१५ मधल्या मृत्यूपर्यंत कामाकुरात अज्ञातवासात राहिल्या. अर्धशतकाहून अधिक काळ त्या लोकांसमोर आल्याच नाहीत.

परदेशात ओझूंची कीर्ती उशिरा पोहोचली. अकिरा कुरोसावांच्या 'राशोमोन'ला १९५१ मध्ये व्हेनिसचे पारितोषिक मिळाले आणि जपानी चित्रपट म्हणजे तलवारी व किमोनो, असा पाश्चात्त्यांचा समज झाला. ओझूंची चहा पिणारी माणसे फारच जपानी, त्यामुळे परक्यांना कळणार नाहीत, असे जपानी कंपन्यांनाच वाटे. १९५८ मध्ये लंडनच्या महोत्सवात 'टोकियो स्टोरी'ला सदरलँड करंडक मिळाला, पण न्यू यॉर्कच्या चित्रगृहात तो लागायला १९७२ साल उजाडले. २०१२ मध्ये 'साइट अँड साउंड' या ब्रिटिश नियतकालिकाने जगभरच्या साडेतीनशेहून अधिक दिग्दर्शकांचा कौल घेतला, तेव्हा हा चित्रपट पहिल्या क्रमांकावर आला. २०२२ च्या समीक्षकांच्या कौलातही तो चौथा होता. ज्याला फारच जपानी म्हटले गेले, त्यात निरनिराळ्या देशांतल्या लोकांना आपापले आईबाप दिसले.

जपानमध्ये ते चित्र आता घरोघरीचे आहे. २०२० च्या जनगणनेत तेथल्या सुमारे ३८ टक्के घरांत एकच माणूस राहत असल्याचे आढळले. ओझूंनी शेवटच्या दृश्यात ज्याला एकटे बसवले, तो बाप आणि एका खोलीत राहणारी ती सून, दोघेही या आकड्यात मोडतात. कामाकुराच्या एंगाकुजी मंदिराच्या आवारात ओझूंची समाधी आहे. काळ्या दगडावर नाव नाही. 'मु' हे एकच अक्षर कोरलेले आहे. त्याचा अर्थ शून्य, अभाव, काही नसणे. दूरदूरचे चाहते ती शोधत येतात आणि दगडापाशी दारूच्या बाटल्या ठेवून जातात.